एकहाती निसर्गपटाचा संच: सोनी एफएक्स३०, २००-६०० आणि झूम एफ३

परदेशी वाहिनीवरच्या निसर्गपटाची श्रेयनामावली दोन मिनिटं चालते. कॅमेरा वेगळ्याचा, आवाज वेगळ्याचा, संकलन तिसऱ्याचं, रंग चौथ्याचे, परवानग्या आणि गाड्या बघणारी आणखी दोन-तीन माणसं. आपल्याकडे ही सगळी मंडळी एकाच जिप्सीत, एकाच सीटवर बसलेली असतात आणि सगळ्यांचं आडनावही एकच असतं! चेन्नईचे शेखर दत्तात्री किंवा बंगळूरचे संदेश कडूर यांच्यासारखी नावाजलेली मंडळीसुद्धा चित्रण आणि दिग्दर्शन दोन्ही स्वतः करत आलेली आहेत. नवख्याला तर पर्यायच नसतो. एकाच फेरीतून माहितीपट, विकता येतील अशा सुट्या क्लिप, मासिकाला फोटो आणि जंगलाचा स्वच्छ आवाज एवढं सगळं निघालं, तर कुठे हिशेब जमतो.

त्यामुळे मोठ्या चमूसाठी लिहिलेली कॅमेऱ्यांची परीक्षणं अशा माणसाच्या फारशी कामाची नाहीत. त्याच्यासाठी निकष एकच: ही वस्तू माझ्या दोन हातांवरचं कोणतं काम कमी करते आणि कोणतं नवीन लादते? त्याच निकषावर सध्या बऱ्याच जणांच्या पाठीवर दिसणारा हा संच इथे तपासला आहे. सोनी एफएक्स३० (सप्टेंबर २०२२), सोनीचीच २००-६०० मि.मी. एफ/५.६-६.३ लेन्स (जून २०१९) आणि झूम एफ३ हा आवाजाचा रेकॉर्डर (जानेवारी २०२२). अमेरिकेत बाजारात आले तेव्हा कॅमेरा १,८०० डॉलरच्या आत होता, लेन्स २,००० च्या आसपास आणि रेकॉर्डर ३५० च्या. तिघांत सगळ्यात स्वस्त वस्तू सगळ्यात निर्दोष निघाली आहे, हे आधीच सांगून टाकतो.

कॅमेरा

एफएक्स३०चा सेन्सर एपीएस-सी आकाराचा (फुल-फ्रेमपेक्षा लहान) आणि २६ मेगापिक्सेलचा आहे. तो ६-के इतकी माहिती वाचून त्यातून ४-के चित्र बनवतो, म्हणून पिसांचा आणि गवताचा तपशील छान उतरतो. चित्रण १०-बिट ४:२:२, म्हणजे रंगांची माहिती भरपूर टिकते. आत पंखा आहे, त्यामुळे मे महिन्यात विदर्भात दुपारी दोन तास चालवला तरी तापून बंद पडण्याची धास्ती नसते. फक्त पावसाळी कव्हर गुंडाळताना त्या पंख्याची जाळी झाकू नका. प्लास्टिकने सगळीकडून आवळलेला कॅमेरा पंखा असूनही तापतो. कार्डासाठी दोन खाचा आहेत. दोन्हींवर एकाच वेळी मुद्रण लावून ठेवावं, जंगलात कार्ड दगा देतं तेव्हा वाघ दुसऱ्यांदा रस्ता ओलांडायला येत नाही.

लहान सेन्सरचा इथे फायदाच आहे. दीडपट क्रॉपमुळे (चौकट तेवढी अरुंद होते) २००-६०० ही लेन्स ३००-९०० सारखी वागते. आकड्यांत सांगायचं तर ६०० मि.मी.वर चौकटीची रुंदी जेमतेम सव्वादोन अंश. म्हणजे १०० मीटरवर साधारण ३.९ मीटर आणि ५० मीटरवर दोन मीटरच्या आत. मयूरेश्वर अभयारण्यात किंवा सासवडच्या माळावर चिंकारा ७०-८० मीटरपेक्षा जवळ येऊ देत नाही. तिथे ही पोच फुल-फ्रेम कॅमेऱ्याला याच लेन्सवर मिळत नाही. १०० किंवा १२० फ्रेमच्या स्लो मोशनला आणखी सुमारे १.६ पट क्रॉप बसतो. १०० मीटरवरची चौकट मग अडीच मीटरच्याही खाली येते. उडत्या पक्ष्याला त्या चौकटीत धरून ठेवणं अवघड आहे, हे गृहीत धरूनच स्लो मोशन लावावी. ५० फ्रेमला मात्र जादा क्रॉप नाही. आमच्या मते प्राण्यांच्या रोजच्या हालचालींना ५० फ्रेम हीच बेताची गती: २५ च्या टाइमलाइनवर निम्म्या वेगाने चालते आणि ठेवायची म्हटली तर मूळ वेगानेही.

फोकस पक्ष्याचा आणि प्राण्याचा डोळा ओळखतो, उघड्यावर चांगलाच ओळखतो. गडबड होते ती गवतात. लांडगा कुसळी गवताआडून चालला की फोकस पुढच्या काडीवर उडी मारतो आणि परत यायला सेकंदभर घेतो. तो सेकंद संकलनात कापावाच लागतो. उपाय तीन, आणि तिन्ही एकदम करायचे: लेन्सवरचा फोकस-मर्यादेचा खटका '१० मीटर ते अनंत'वर ठेवा, फोकसचं क्षेत्र 'वाइड' न ठेवता लहान चौकोनावर आणा, आणि मेनूत विषय बदलण्याची संवेदनशीलता ५ पैकी २ वर उतरवा. एवढं करूनही गवत दाट असेल तर सरळ हाताने फोकस करा. पीकिंग (फोकसमधल्या कडा रंगाने दाखवणारी सोय) लावलं की जमतं.

आता तक्रारी. पहिली आणि सगळ्यात मोठी तक्रार म्हणजे डोळा लावायला व्ह्यूफाइंडर नाही. सकाळी नऊनंतर मागच्या पडद्यावर स्वतःचाच चेहरा दिसतो. ६०० मि.मी.वर फोकस बसला की नाही हे अशा पडद्यावर कळत नाही, घरी मॉनिटरवर कळतं. त्यामुळे पडद्यावर बसणारा लुप (डोळा लावायचं भिंग) किंवा हूडसकट पाच इंची मॉनिटर घेणं भागच पडतं. मॉनिटर म्हणजे आणखी एक केबल, आणखी बॅटऱ्या आणि जवळपास अर्धा किलो वजन. स्वस्तातल्या कॅमेऱ्याची ही लपलेली किंमत आहे.

दुसरी तक्रार फोटोवाल्यांची. यात यांत्रिक शटर नाही. बसलेल्या पक्ष्याचा फोटो उत्तम येतो, उडत्याचे पंख वाकडे येतात, कारण सेन्सर वरून खाली ओळीओळीने वाचला जातो. निम्मी कमाई फोटोंवर असणाऱ्याने याच सेन्सरचा सोनीचा ए६७०० कॅमेरा बघावा. त्याला व्ह्यूफाइंडर आहे, यांत्रिक शटर आहे. पंखा नाही आणि कार्डाची खाच एकच, म्हणजे उन्हाळ्यातल्या लांबलचक क्लिपांना तो कच्चा. दोन्ही एकात हवं असेल तर सोनीकडे या किमतीत ते मिळत नाही, दुकानदार काहीही म्हणो.

बॅटरी एनपी-एफझेड१००. सलग चित्रणात तासा-दीड तासाला बदलावी लागते. दिवसाला चार बाळगा. टाइप-सी पीडी पॉवरबँकेवर कॅमेरा चालतो, मचाणावर किंवा आडोशात दिवसभर बसायचं तर तेच सोयीचं.

लेन्स, आणि दुपारच्या उन्हाचा हिशेब

२००-६०० ची सगळ्यात मोलाची गोष्ट तिच्या जाहिरातीत शेवटी येते: झूम करताना तिची लांबी बदलत नाही. ३१.८ सेंटिमीटरची नळी २०० लाही तेवढीच आणि ६०० लाही तेवढीच. फोटो काढणाऱ्याला याचं फारसं काही नाही. ट्रायपॉडवर चित्रण करणाऱ्याला मात्र हे वरदान आहे, कारण एकदा साधलेला तोल झूमने ढळत नाही. पुढे सरकणाऱ्या १५०-६०० लेन्सवर ६०० ला गेलं की नाक खाली झुकतं. झूमची कडीही छोटी फिरते. २०० पासून ६०० पर्यंत मनगट न उचलता जाता येतं. चालू क्लिपमध्ये झूम करू नका, तो भाग वेगळा. पण दोन शॉटच्या मध्ये चौकट बदलायला दोन सेकंद पुरतात, आणि प्राणी तेवढेच देतो.

वजन कॉलरशिवाय (कॉलर म्हणजे लेन्सला ट्रायपॉडवर धरणारी कडी) २,११५ ग्रॅम. कॉलरचा पाय ट्रायपॉडच्या हेडवरच्या आर्का पद्धतीच्या क्लॅम्पमध्ये बसत नाही. बदली पाय किंवा खाली लांब प्लेट पहिल्याच दिवशी लावून टाकावी. प्लेट एका स्क्रूवर लावलीत तर पॅनच्या झटक्याला ती हळूहळू फिरते. दोन स्क्रू किंवा मागे टेकू असलेलीच घ्या.

जवळचं काम हिला जमत नाही. किमान अंतर २.४ मीटर आणि प्रतिमा जास्तीत जास्त ०.२ पट. आंबोलीत बेडकांसाठी जाणार असाल तर ९० किंवा १०० मि.मी.ची मॅक्रो वेगळी घ्यावी लागेल, ही लेन्स त्या रात्री पिशवीतच राहू द्या.

उजेडाचा प्रश्न दोन्ही टोकांना आहे. पहाटे आणि तिन्हीसांजेला एफ/६.३ हे छिद्र लहान पडतं. एस-लॉग३ मध्ये (रंग नंतर चढवायचे म्हणून फिकं ठेवलेलं चित्रण) कॅमेऱ्याचे दोन मूळ आयएसओ आहेत, ८०० आणि २,५००. अंधार वाढला की १,६०० वर रेंगाळण्यापेक्षा सरळ २,५०० वर जावं, तिथे दाणा कमी दिसतो. ६,४०० नंतर चित्र घाण होऊ लागतं. ताडोबात फाटक उघडल्यावरची पहिली वीस मिनिटं या लेन्सच्या हिशेबात धरू नका.

उलट टोकाला, दुपारी, उजेड जास्त होतो. हा हिशेब नीट मांडलेला क्वचित दिसतो, म्हणून जरा सविस्तर. कडक उन्हात आयएसओ ८०० ला एफ/१६ वर १/८०० हे बरोबर एक्स्पोजर. छिद्र एफ/५.६ केलं की उजेड तीन स्टॉप वाढला (एक स्टॉप म्हणजे दुप्पट उजेड), म्हणजे १/६,४०० लागेल. पण ५० फ्रेमला शटर हवं १/१००, नाहीतर पळणाऱ्याचे पाय तुटक दिसतात. १/६,४०० पासून १/१०० म्हणजे सहा स्टॉप. एस-लॉग३ एक स्टॉप जास्त उजळ घ्यायचा असतो (सावलीतला दाणा त्याने कमी होतो), म्हणून खरी गरज पाच स्टॉपची. लांब टोकाला लेन्स तशीही एफ/६.३ ला उघडते, तर एफ/८ करा, एक स्टॉप गेला. उरले चार. चार स्टॉप म्हणजे एनडी१६, उजेड सोळा पटीने कमी करणारी गडद काच. एवढी एक काच भर दुपारी पुरते. २५ फ्रेमला १/५० वर चित्रण करायचं असेल तर आणखी एक स्टॉप, म्हणजे एनडी३२.

बहुतेक जण इथे फिरवायची व्हेरिएबल एनडी घेतात आणि पस्तावतात. या लेन्सची फिल्टरची चकती ९५ मि.मी.ची आहे. त्या मापात चांगली काच महाग, आणि स्वस्त काच ६०० मि.मी.वर लगेच उघडी पडते. व्हेरिएबल म्हणजे दोन पोलरायझर एकावर एक. त्यांच्या पृष्ठभागातला बारीकसा दोष लांब लेन्स मोठा करून दाखवते. चित्र मऊ येतं आणि दोष लेन्सच्या माथी मारला जातो. शंका आली तर ट्रायपॉडवरून शंभर मीटरवरची पाटी काचेसकट आणि काचेशिवाय घेऊन बघा, दोन मिनिटांत निकाल. स्थिर काच घ्या, चांगली घ्या, एकच घ्या. लॉग सोडून एस-सिनेटोनमध्ये (तयार रंगांच्या पद्धतीत) चित्रण केलं तर आयएसओ बराच खाली आणता येतो आणि काचेची गरज जवळपास संपते. पण पांढऱ्या बगळ्याच्या पाठीवरचा तपशील हातचा जातो. लॉगमध्ये झेब्रा '९४+' वर ठेवून पांढऱ्या भागावर रेघा दिसू लागल्या की थांबायचं.

यातून सुटायचं असेल तर सोनीचाच एफएक्स६ कॅमेरा. त्याच्या पोटात १/४ ते १/१२८ पर्यंत सरकणारी इलेक्ट्रॉनिक एनडी आहे. पण आला तेव्हाच तो ६,००० डॉलरच्या घरात होता आणि सेन्सर फुल-फ्रेम, म्हणजे पोचही गेली.

जिला काहीच इलाज नाही ती गोष्ट म्हणजे उन्हाची झळ. उन्हाळ्यात माळावर नऊ-साडेनऊनंतर जमीन तापते आणि ६० मीटरपलीकडचं सगळं पाण्याखालचं असल्यासारखं हलतं. कोणतीही महागडी लेन्स, कोणतंही सॉफ्टवेअर ते दुरुस्त करत नाही. त्या वेळेत जवळचे शॉट घ्या, आवाज घ्या किंवा झोपा.

ट्रायपॉड: इथे कंजूषी केली की सगळं वाया

चौकट सव्वादोन अंशांची आहे हे वर आलंच. हेड एक दशांश अंश जरी झटक्याने हललं, तरी चित्र रुंदीच्या साडेचार टक्के उडी मारतं. फोटोचं बॉल-हेड यासाठी निरुपयोगी. ७५ मि.मी. वाटीचं फ्लुइड हेड (आतल्या द्रवामुळे मऊ वळणारं) हवं, आणि त्याचा काउंटरबॅलन्स (झुकलेलं वजन तोलून धरणारी स्प्रिंग) आपल्या वजनाशी जुळणारा हवा. कॅमेरा, लेन्स, प्लेट, काच आणि मॉनिटर मिळून हा संच साडेतीन किलोच्या आसपास जातो. हेडच्या माहितीपत्रकात 'कमाल ८ किलो' वाचून खूश होऊ नका. किमान किती वजनापासून तोल धरतं तेही बघा. जड कॅमेऱ्यासाठी बनवलेलं हेड हलक्या संचाला स्प्रिंगसारखं वर उचलतं.

बसवण्याचा क्रम असा. आधी वाटीतला बुडबुडा मध्यावर आणा. काउंटरबॅलन्स आणि ड्रॅग (वळवताना हेड करतं तो विरोध) दोन्ही शून्यावर न्या. एक हात लेन्सखाली ठेवून प्लेट मागे-पुढे सरकवा. लेन्स आडवी असताना नाक खाली जात नाही आणि शेपूटही, ती जागा पकडा आणि प्लेटवर टेपने खूण करून ठेवा. मग काउंटरबॅलन्स एकेक पायरी वाढवत लेन्स ३० अंश खाली झुकवून हात सोडा. तिथेच राहिली पाहिजे. मग ३० अंश वर. दोन्हीकडे राहिली की ड्रॅग लावा, टिल्टला पॅनपेक्षा किंचित जास्त. घरी एकदा पंधरा मिनिटं घालवली की जंगलात खुणेवर प्लेट ठेवून अर्ध्या मिनिटात काम होतं.

ट्रायपॉडवर लेन्सचा ओएसएस (हिसके कमी करणारी सोय) आणि बॉडीचं स्टेबिलायझेशन बंद. चालू ठेवलं तर पॅन थांबल्यावर चित्र स्वतःहून थोडं पुढे सरकतं आणि परत येतं. ही चूक शॉट घेताना दिसत नाही, संकलनाच्या टेबलावर रडवते. हँडल हाताने ढकलण्याऐवजी त्याला जाड रबरबँड अडकवून ओढला तर पॅनची सुरुवात आणि शेवट मऊ होतो. वारा असेल तर हूड काढून ठेवा, तो शिडासारखा वारा धरतो.

जिप्सीत ट्रायपॉड नाही, बीनबॅग. रिकामी न्या, गावातल्या दुकानातून तीन-चार किलो चणे किंवा तांदूळ भरा. पावसाळ्यात धान्य ओल धरतं, तेव्हा प्लास्टिकचे दाणे बरे. इंजिन बंद, शेजाऱ्याला हलू नका म्हणून विनंती, आणि इथे मात्र ओएसएस चालू.

झूम एफ३

मुठीत मावणारा, दोन एक्सएलआर इनपुटचा डबा. आवाजाची पातळी लावायला यात बटणच नाही, कारण लागतच नाही. प्रत्येक इनपुटला दोन-दोन कन्व्हर्टर आहेत आणि फाइल ३२-बिट फ्लोटची. अगदी हळू आवाज आणि एकदम कानठळ्या बसवणारा आवाज दोन्ही एकाच फाइलीत बसतात. एकट्या माणसासाठी याचा अर्थ काय? कॅमेऱ्यावर डोळा असताना आवाजाच्या काट्यावर दुसरा डोळा ठेवायचं काम संपलं. रात्री डबक्याकाठी रेकॉर्डर ठेवला, बेडूक कुजबुजले आणि मध्येच वीज कडाडली, तरी मुद्रण शाबूत. या एका गोष्टीसाठी या संचात त्याला पहिलं स्थान.

गैरसमज मात्र बरेच आहेत. ३२-बिटने वाऱ्याचा घोंघाट जात नाही. माईकचा स्वतःचा सूं-सूं आवाज जात नाही, उलट हळू आवाज वाढवला की तोही तेवढाच वाढतो. म्हणून शांत जंगलासाठी माईक घेताना सेल्फ-नॉइजचा आकडा बघा. १५ डीबी-ए च्या खालचा हवा. कोकणात आणि घाटावर पावसाळ्यात दुसरा शत्रू म्हणजे दमट हवा. साधे कंडेन्सर माईक ओल धरून तडतडतात. सेनहायझरची एमकेएच मालिका आरएफ पद्धतीवर चालते म्हणून ओलीत टिकते. एमकेएच ४१६ जुना आहे, सेल्फ-नॉइज १३, आणि अजूनही निसर्गवाल्यांच्या हाती दिसतो तो याच कारणाने.

लेन्स शंभर मीटर जवळ आणते, माईक आणत नाही. शॉटगन माईक म्हणजे आवाजाची दुर्बीण नव्हे, तो फक्त बाजूचे आवाज थोडे कमी करतो. कॅमेऱ्यावर बसवलेला माईक धनेशाऐवजी तुमच्या जॅकेटची सळसळ आणि कॅमेऱ्याचा पंखा टिपेल. एफ३ लहान आहे याचा फायदा घ्या: प्राणी येण्याआधी पाणवठ्याच्या कडेला झुडपात ठेवून या आणि निघून जा. घरट्याच्या आसपास नाही, आणि कुणाला बोलवायला आवाज वाजवून तर मुळीच नाही.

४८ किलोहर्ट्झवर स्टिरिओ मुद्रण तासाला १.४ जीबीच्या खालीच राहतं, म्हणून ६४ जीबीच्या कार्डावर रात्र सहज मावते. अडतं ते विजेपाशी. माईकला ४८ व्होल्ट दिले की आतले दोन पेन्सिल सेल लवकर उतरतात. पॉवरबँक जोडली तर दुसरीच गंमत: एफ३ इतकी थोडी वीज घेतो की कित्येक पॉवरबँकांना वाटतं काही जोडलेलंच नाही, आणि त्या आपोआप बंद होतात. कमी करंटवर चालू राहणारी पॉवरबँक निवडा, घरी रात्रभर चालवून खात्री करा, आणि आतले सेल भरलेलेच ठेवा. सेल चार्ज होणारे असतील तर मेनूत प्रकार बदला, नाहीतर उरलेल्या बॅटरीचा आकडा खोटा दाखवतो.

डबा जलरोधक नाही. सिलिका जेलच्या पुडीसकट झिप पिशवीत ठेवा. केबल पिशवीत शिरण्याआधी तिला खाली झोळ द्या, म्हणजे पाणी झोळाच्या तळाशी टपकतं, सॉकेटमध्ये उतरत नाही. ब्लिंपवर (माईकभोवतीच्या वारारोधक पिंजऱ्यावर) थेंबांचा टपटप आवाज येतो तो डेडकॅटने (वरच्या केसाळ आवरणाने) थांबत नाही. त्यावर चार बोटं उंच काथ्याचा विरळ थर धरला तर थेंब फुटून पसरतो.

आणि जुळवणी. आवाज सेकंदाला ३४३ मीटर जातो. माईक कॅमेऱ्यापाशी आणि पक्षी १०० मीटरवर असेल तर चोच आधी उघडते, शीळ ०.२९ सेकंदाने येते. २५ फ्रेमच्या टाइमलाइनवर सात फ्रेमचा फरक. संकलनात आवाज तेवढा आधी सरकवायचा. माईक पाणवठ्यावर असेल तर हे लागत नाही, पण मग टाळी देऊन खूण करताना तुमच्या टाळीलाच तो फरक पडतो, हे विसरून सगळं बिघडवणारे पुष्कळ.

घरी आल्यावर

५० फ्रेमचं ४:२:२ चित्रण सोनीच्या एक्सएव्हीसी-एस या फाइल प्रकारात सेकंदाला २०० मेगाबिटने होतं, म्हणजे तासाला ९० जीबी. रोज दोन तास धरले तर पंधरा दिवसांच्या फेरीचे २.७ टेराबाइट, आणि दोन प्रती म्हणजे ५.४. डिस्कचा खर्च आधी धरा. एक्सएव्हीसी-एस-आय ५०० मेगाबिट खातं आणि व्ही९० दर्जाचं वेगवान कार्ड मागतं, निसर्गपटाला त्याची गरज क्वचितच. प्रत काढताना फाइल नुसती ओढून टाकू नका. डाविंची रिझॉल्व्ह या संकलनाच्या सॉफ्टवेअरच्या मीडिया पानावरचं क्लोन टूल मूळ आणि प्रत तंतोतंत जुळते का ते चेकसमने पडताळून घेतं, तेही फुकट आवृत्तीत.

४:२:२ फाइली साध्या लॅपटॉपवर अडखळतात. प्रॉक्सी (हलक्या प्रती) बनवून कापा, रंग मूळ फाइलींवर करा. रिझॉल्व्हच्या फुकट आवृत्तीत नॉइज रिडक्शन नाही. २,५०० आयएसओच्या वर काम करणाऱ्याला २९५ डॉलरची स्टुडिओ आवृत्ती एकदाच घ्यावी लागते, पैसे वसूल होतात. ३२-बिट फाइलचा आलेख टाइमलाइनवर वरून कापलेला दिसला तर घाबरू नका, क्लिपचा गेन खाली ओढला की गोल माथा परत दिसतो. शेवटचा आवाज युरोपीय पद्धतीच्या प्रसारणाला उणे २३ एलयूएफएस (आवाजाच्या मोठेपणाचं माप), यूट्यूबला उणे १४ च्या आसपास. संगीताशिवायचा नुसत्या जंगलाच्या आवाजाचा ट्रॅक वेगळा काढून ठेवा, परभाषेत पट विकताना तोच मागतात.

अभयारण्यात चित्रणाला वन्यजीव संरक्षण कायदा, १९७२ च्या कलम २८ खाली परवाना लागतो. पर्यटक म्हणून फाटकातून आत जाऊन काढलेलं फुटेज वाहिनीला विकताना तोच कागद मागितला जातो. ड्रोन या संचात धरलेलाच नाही, संरक्षित जंगलात तो परवान्याविना उडवता येत नाही, आणि घरट्यांवर त्याचा त्रास डोळ्यांना दिसतो.

घ्यायचा क्रम

पैसे टप्प्याटप्प्याने येत असतील तर आमचा क्रम दुकानदाराच्या उलट आहे: आधी एफ३ आणि बरा माईक, मग हेड आणि पाय, मग लेन्स, सगळ्यात शेवटी बॉडी. बॉडी भाड्याने मिळते आणि दोन वर्षांनी शिळी होते. साधलेलं हेड पंधरा वर्षं चालतं.

लेन्स जुनी घेणार असाल तर दुकानातच चार गोष्टी बघा. मागून टॉर्च मारून पुढून आत बघा, कोळ्याच्या जाळ्यासारखे धागे दिसले तर ती बुरशी, किनारपट्टीवरच्या लेन्समध्ये हमखास. झूमची कडी २०० पासून ६०० पर्यंत हळू फिरवा, मध्येच खरखर लागली तर आत धूळ गेली आहे. कॉलर घट्ट करून लेन्स डावी-उजवीकडे हलवा, किंचितही डुगडुग नको. शेवटी ६०० ला, एफ/६.३ वर, ट्रायपॉडवरून रस्त्यापलीकडची पाटी चौकटीच्या चारही कोपऱ्यांत आणून फोटो घ्या. एकच कोपरा मऊ आला तर लेन्स कधीतरी पडलेली आहे.